गल्ल्यावरचा यूव्ही दिवा

ढाणकीसारख्या बाजारगावी कापसाच्या हंगामात रोखीचे व्यवहार वाढतात आणि घाईगर्दीत एखादी बनावट नोट गल्ल्यात शिरू शकते. बँकेत ती उघडकीस आली की शिक्का मारून जप्त होते. पोच मिळते, मोबदला मिळत नाही. म्हणून गल्ल्यापाशी यूव्ही दिवा असावा. त्याखाली साधा पांढरा कागद निळसर चमकतो. खऱ्या नोटेचा कागद मात्र मंदच राहतो, केवळ त्यातील सूक्ष्म तंतू आणि क्रमांक उजळतात. दिवा नसल्यास पाचशेची नोट तिरपी करून पाहावी. सुरक्षा धाग्याचा हिरवा रंग निळा होतो. मात्र बनावट ठरलेली नोट जाणूनबुजून पुढच्या गिऱ्हाइकाला देणे हा गुन्हा आहे. आपले नुकसान निरपराधाच्या माथी मारण्यापेक्षा ते सोसणे हेच सचोटीच्या व्यापाऱ्याला शोभते.