काळाचा दप्तरदार आणि आमची समीक्षा

मराठी विज्ञानकथेविषयीच्या लेखनात ‘काळ’ हा शब्द आला, की समीक्षकाची नजर यंत्राकडे वळते. यंत्र पटण्याजोगे आहे काय, त्यामागील सिद्धान्त बरोबर आहे काय, तो परकीयांकडून उसना आणला आहे काय, एवढ्यावर चर्चा आटोपते. जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा याच चाकोरीतून वाचली जाते. तिच्यातील कॅटॅस्ट्रॉफी थिअरीचे स्पष्टीकरण हेच जणू तिचे मर्म! वास्तविक या कथेत यंत्र नाहीच. आहे तो इतिहासाचा एक प्राध्यापक. मराठ्यांनी पानिपत जिंकलेल्या जगात जाऊन पडल्यावर तो वाट धरतो ती ग्रंथालयाची. स्वतःच लिहिलेले खंड चाळून तो काळाला फाटा कोठे फुटला ते शोधतो, आणि परतल्यावर पुरावा म्हणून त्याच्यापाशी उरते ते बखरीचे एक पान. विश्वासरावांना गोळी लागली की ती चाटून गेली, हे ज्या पानावर ठरते ते पान ज्याच्या खिशात, काळ त्याच्या ताब्यात. कालनियमनाचे साधन येथे दप्तर आहे, आणि त्याचा कारागीर दप्तरदार.

हा कारागीर आपल्या समीक्षेला का दिसत नाही, याचे उत्तर शोधायला मी वाशिमला जातो. तेथे दुसऱ्या प्रकारचे आंधळेपण आहे. प्राचीन भारताची मध्यरेखा येथील मध्यमेश्वराच्या देवळातून जाते, अशी स्थानिक श्रद्धा आहे, आणि तिच्या जोरावर ‘आमचे ग्रिनिच’ असा अभिमानही मिरविला जातो. श्रद्धेला आधार आहे. भास्कराचार्यांनी शके 1105, म्हणजे इसवी सन 1183, च्या ‘करणकुतूहला’त मध्यरेखेवरील स्थळांत उज्जयिनी आणि कुरुक्षेत्र यांच्याबरोबर वत्सगुल्माचेही नाव घेतले आहे. वत्सगुल्म म्हणजे आजचे वाशिम. परंतु रेखांश पाहावेत. उज्जैन 75 अंश 46 कलांच्या आसपास, वाशिम 77 अंश 8 कलांच्या आसपास. एकाच रेषेवर मानलेल्या या दोन गावांच्या मध्यान्हांत पाच मिनिटांहून अधिक, म्हणजे तेरा-साडेतेरा पळांचे अंतर पडते.

अभिमानी मंडळी हे अंतर सांगत नाहीत. टवाळ मंडळी तेवढेच सांगतात. मला त्या तेरा पळांतच खरा कथाविषय दिसतो. देशांतर काढण्याची त्या काळची रीत अशी होती: चंद्रग्रहण सर्वत्र एकाच क्षणी लागते, ते आपापल्या गावी किती घटिका-पळे झाली असता लागले याची नोंद ठेवायची आणि दोन नोंदी ताडून पाहायच्या. घटिका मोजायची ती तळाला भोक पाडलेल्या, पाण्यात हळूहळू बुडणाऱ्या वाटीने. अशा वाटीवर जागणाऱ्या माणसाच्या हिशेबात तेरा पळांची चूक ही लाज नव्हे, माणसाच्या हाताची खूण आहे. आकाशाने रेषा आखून दिलेली नव्हती. ती नोंदींनी आखली.

वाशिमचे दुसरे साधन म्हणजे ताम्रपट. 1939 मध्ये प्रसिद्धीस आलेल्या वाकाटक विन्ध्यशक्ती दुसरा याच्या दानपत्रामुळे वत्सगुल्म शाखेचा पत्ता लागला. वंशावळ संस्कृतात, व्यवहाराचा भाग प्राकृतात, आणि काल? राज्यवर्ष 37. कोणत्याही संवताचा, शकाचा उल्लेख नाही. हा राजा कालरेषेवर कोठे बसवायचा हे नंतरच्या अभ्यासकांनी इतर लेखांशी जुळवून ठरविले. याच शाखेच्या हरिषेणाबद्दलचा वाद त्यामुळेच धगधगता राहिला: मिराशींच्या मते तो सुमारे 475 ते 500, तर वॉल्टर स्पिंक यांच्या मते 477च्या सुमारासच गेलेला. वीस-पंचवीस वर्षांच्या या फरकावर अजिंठ्याच्या उत्तरकालीन लेण्यांचा सारा कालक्रम पुढे-मागे सरकतो. यंत्रात बसून काळ हलविणाऱ्या नायकाचे आपल्याला कौतुक. टेबलाशी बसून अजिंठा हलविणाऱ्यांची साहित्यविचारात दखलही नाही.

हा विषय इतिहासकारांचा, आमचा नव्हे, असे म्हणणाऱ्यांनी ‘काव्यमीमांसा’ उघडावी. राजशेखराने काव्यपुरुष आणि साहित्यविद्यावधू यांचा विवाह लावला तो विदर्भातील वत्सगुल्म नगरात. ज्या गावाला ज्योतिषाने काळाच्या रेषेवर बसविले, त्याच गावाला काव्यशास्त्राने साहित्याचे लग्नघर केले. हा योगायोग असेल. पण नोंद आणि कल्पना यांची फारकत करणाऱ्या आमच्या समीक्षेने निदान या मांडवात एकदा डोकावायला हवे होते.

याच शाखेचा मूळपुरुष सर्वसेन. त्याचे ‘हरिविजय’ हे प्राकृत काव्य नष्ट झाले असून आज अलंकारशास्त्राच्या ग्रंथांतील उल्लेख-अवतरणांपुरते उरले आहे. गंगाधरपंतांच्या खिशातील पानासारखेच! काव्य गेले, नोंद राहिली. आणि मराठीत कालप्रवासाची कल्पना परकी, असे आम्ही अजून लिहीत आहोत.