पाडलेल्या वास्तू आणि एक चित्रफीत

टॅसिटा डीन या ब्रिटिश कलावतीची ‘पालास्ट’ ही २००४ सालची चित्रफीत जेमतेम साडेदहा मिनिटांची आहे. तीत कोणी बोलत नाही, काही घडत नाही. बर्लिनमधील ओसाड पडलेल्या ‘पालास्ट डेर रेपुब्लिक’ या वास्तूच्या तांबूस, आरशासारख्या काचा, त्यांवर रेंगाळणारे मावळतीचे ऊन आणि त्यांत तुकड्यातुकड्यांनी उमटलेला शेजारच्या कॅथीड्रलचा घुमट, एवढेच. भग्न वास्तूंच्या चित्रणाविषयी मला एरवी शंकाच असते. दुरून पाहिले की दारिद्र्यही देखणे दिसते. पण या जागेचा इतिहास ठाऊक असलेल्याला ही फीत स्वस्थ बसू देत नाही.

तेथे पूर्वी होहेनत्सोलर्न घराण्याचा राजवाडा होता. युद्धात होरपळलेला तो वाडा पूर्व जर्मनीच्या सरकारने १९५० साली जमीनदोस्त केला. सरंजामशाहीचे चिन्ह पुसल्याने सरंजामी वृत्ती पुसली जाते, हा भ्रम आपल्या पंथातही नवा नाही. १९७३ ते १९७६ या काळात तेथे ‘प्रजासत्ताकाचा प्रासाद’ उभा राहिला. त्यातील संसद होकार भरण्यापुरतीच होती, हे समाजवाद्यांनीच सर्वांआधी सांगितले पाहिजे. परंतु त्याच छताखाली उपाहारगृहे होती, नाट्यगृह होते, बोलिंगचे दालन होते, आणि सामान्य माणसे तेथे हक्काने येत होती, हेही तितकेच खरे. ऑगस्ट १९९० मध्ये मुक्त निवडणुकीतून आलेल्या संसदेने विलीनीकरणाचा ठराव येथेच संमत केला. पुढच्याच महिन्यात अ‍ॅस्बेस्टॉसच्या कारणावरून वास्तूला टाळे लागले.

अ‍ॅस्बेस्टॉसचा धोका खोटा नव्हता. पण पश्चिम बर्लिनच्या परिषद-केंद्रातही अ‍ॅस्बेस्टॉस होते आणि ते केंद्र पाडले गेले नाही. इकडे मात्र ते काढण्याचे काम २००३ पर्यंत चालले, आणि वास्तू निर्धोक झाल्यावर ती पाडण्याचा निर्णय पक्का झाला! २००६ ते २००८ या काळात ती उतरवली गेली. त्या जागी जुन्या राजवाड्याचा दर्शनी भाग तीन बाजूंनी नव्याने बांधला, तोही साठ कोटी युरोंहून अधिक खर्चून, बहुतांशी सरकारी तिजोरीतून. आत वसाहतकाळात गोळा केलेल्या वस्तूंची दालने आहेत. ज्याला आम्ही अर्थशास्त्रात ‘पर्यायी खर्च’ म्हणतो, त्याचा हिशेब या व्यवहारात कोणी मांडला असेल, तर तो निर्णायक ठरला नाही हे उघड आहे.

डीन यांच्या चित्रफितीविषयी माझी तक्रार एकच. तीत माणूस नाही. बोलिंगला येणारी, स्वयंपाकघरात राबणारी, १९९० नंतर बेकार झालेली माणसे त्या काचांच्या पलीकडेच राहतात. कॅमेरा बाहेर उभा आहे आणि आपण बाहेरचे आहोत हे लपवत नाही, हा तिचा प्रामाणिकपणा मी मानतो. पण तेवढ्याने भागत नाही.

म्हणून त्यांची ‘कोडॅक’ ही २००६ सालची चित्रफीत मला अधिक मोलाची वाटते. फ्रान्समधील शालाँ-सुर-सोन येथील ज्या कारखान्यात चित्रफीत बनत असे, तेथेच ती चित्रित झाली आहे, उत्पादन थांबण्याच्या बेतात असताना. येथे कामगार दिसतात. फितीवर प्रकाश पडता कामा नये म्हणून त्यांचे काम एरवी अंधारात चाले. त्या दिवशी यंत्रांतून फितीऐवजी तपकिरी कागद सोडला होता, म्हणून दिवे लागलेले होते.