घराचा लिलाव झाला, आता मालक कोण?

वर्तमानपत्राच्या आतल्या पानावर बारीक अक्षरांत बँकांच्या लिलावाच्या सूचना छापून येतात. कर्जदाराचे नाव, जामीनदारांची नावे, फ्लॅटचा नंबर, राखीव किंमत, लिलावाची तारीख. आपण पान उलटतो. पण ज्यांचे घर त्या चौकटीत असते, त्यांच्यासाठी खरी महत्त्वाची तारीख लिलावाची नसते. ती सूचना ज्या दिवशी छापून आली, तो दिवस महत्त्वाचा असतो.

आपल्याकडे गहाण म्हणजे काय, हे आजीलाही ठाऊक असते. पैसे फेडा, वस्तू सोडवा. मग ती पाटली असो की शेताचा तुकडा. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यानेही हा सोडवणुकीचा हक्क मान्य केला आहे. त्यामुळे अनेकांना वाटते, लिलावाच्या आदल्या दिवसापर्यंत पैसे घेऊन गेलो की घर वाचले. २००२ चा सरफेसी कायदा मात्र वेगळा आहे. या कायद्याने बँकेला दिवाणी दावा न लावता गहाण मालमत्ता विकता येते, आणि २०१६ च्या दुरुस्तीनंतर त्यातले कलम १३(८) म्हणते की संपूर्ण थकबाकी आणि खर्च लिलावाची सूचना प्रसिद्ध होण्याआधी भरायला हवा.

यावर सर्वोच्च न्यायालयात गाजलेला खटला नवी मुंबईतल्या एका औद्योगिक भूखंडाचा आहे. कर्जदार बाफना मोटर्स, बँक युनियन बँक. लिलाव एकदा नाही, नऊ वेळा करावा लागला. नवव्या वेळी, जून २०२३ मध्ये, सेलिर नावाच्या कंपनीने १०५.०५ कोटींची बोली लावली आणि पुढे सगळे पैसे भरले. मग कर्जदार पुढे आला आणि म्हणाला, मी १२९ कोटी देतो, माझी जागा मला द्या. बँकेला जास्त पैसे मिळत होते, ती तयार झाली. मुंबई उच्च न्यायालयानेही परवानगी दिली. सेलिर सर्वोच्च न्यायालयात गेली, आणि २१ सप्टेंबर २०२३ रोजी निकाल फिरला. सूचना प्रसिद्ध झाली तेव्हाच सोडवणुकीचा हक्क संपला, असे न्यायालयाने सांगितले. सेलिरने वरचे २३.९५ कोटीही द्यायचे आणि बँकेने तिला विक्री प्रमाणपत्र द्यायचे, असा आदेश झाला.

तरीही भांडण मिटले नाही. दरम्यान कर्जदाराने ती जागा तिसऱ्याच्या नावे केली होती. तो तिसरा ताब्यासाठी अडून बसला आणि डिसेंबर २०२४ मध्ये अवमान याचिकेवर न्यायालयाला पुन्हा निकाल द्यावा लागला. कोट्यवधी रुपये मोजलेल्या कंपनीची ही गत, तर बचतीतून स्वस्तात मिळतो म्हणून लिलावाचा फ्लॅट घेणाऱ्या कुटुंबाने किती सावध राहायला हवे!

अशा घराच्या सूचनेत 'जसे आहे, जेथे आहे' हे शब्द असतात. त्यांचा अर्थ खरेदीदाराला नंतर कळतो. बँकेकडे 'प्रतीकात्मक ताबा' असेल, तर दारावर फक्त नोटीस चिकटवलेली असते आणि आत माणसे राहत असतात. आधीपासून कायदेशीर भाडेकरू असेल, तर त्याला भाडे नियंत्रण कायद्याचे संरक्षण मिळू शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्येच सांगितले आहे. जुन्या मालकाची वीजबिलाची थकबाकीसुद्धा, नियमांत तशी तरतूद असेल तर, नव्या मालकाकडून वसूल होऊ शकते. हा निकाल २०२३ चा. बोली मंजूर झाली की २५ टक्के त्याच दिवशी किंवा कामकाजाच्या दुसऱ्या दिवशी भरायचे असतात, त्यामुळे चौकशी आधीच करावी लागते. सोसायटीच्या ऑफिसात जा, शेजाऱ्यांशी बोला. बँकेचा माणूस सांगणार नाही ते वॉचमन सांगतो.

आता कर्जदाराचे. बँकेची पहिली नोटीस ६० दिवसांची असते आणि बहुतेक घरांत तीच नोटीस कपाटात जाते. तसे करू नका. तिला लेखी हरकत घेता येते आणि १५ दिवसांत कारणांसह उत्तर देणे बँकेवर बंधनकारक आहे. ताबा घेतल्यावर ४५ दिवसांत कर्ज वसुली न्यायाधिकरणात म्हणजे डीआरटीत अर्ज करायचा. या विषयात दिवाणी न्यायालयाला अधिकार नाही, तिथे गेलात तर दिवस मात्र वाया जातात. शेतजमिनीला हा कायदा लागू नाही. कर्ज बरेचसे फेडून मुद्दल-व्याजाच्या २० टक्क्यांहून कमी बाकी उरली असेल, तरीही लागू नाही. हे दोन मुद्दे वकिलाला आवर्जून विचारा.

इंदूर, बेंगळुरू किंवा हैदराबादला राहणाऱ्या आणि गावाकडच्या घरावर कर्ज काढलेल्या वाचकांसाठी एक वेगळी अडचण आहे. विक्रीची सूचना दोन वर्तमानपत्रांत येते, त्यातले एक घर जिथे आहे तिथल्या भाषेतले. तुमच्या शहरात ते पोचतही नाही. नोटीस कर्जाच्या कागदावरच्या पत्त्यावर जाते, म्हणून पत्ता बदलला की बँकेला लेखी कळवा आणि पोच घ्या. अर्ज घर असलेल्या भागातल्या डीआरटीत करता येतो, तसाच कर्जखाते असलेल्या शाखेच्या भागातल्या डीआरटीतही.