जमीन वाटली, पाणी राहिले

भाद्रपदात व माघात मोरगावी श्रीमयूरेश्वराच्या दर्शनास जाणाऱ्यांस वाटेत एक गोष्ट सहज दिसते, परंतु तिचा अर्थ सहसा कोणी विचारीत नाही. बारामती सोडली की थोड्याच अंतरात निरेच्या डाव्या कालव्याखालील उसाचा हिरवा पट्टा मागे पडतो आणि मग माळ, ताली, बाजरी, हुलगा व मेंढरांचे कळप सुरू होतात. तालुका एक, कायदा एक, सातबाऱ्याचा नमुनाही एकच. तथापि कालव्याखालचा पाच एकरांचा धनी व मोरगाव-सुपे बाजूचा पाच एकरांचा धनी यांस एकाच मापाने 'अल्पभूधारक' म्हणणे ही निव्वळ कागदी समता होय. पहिल्यास कर्ज देण्यास सोसायटी तयार असते. दुसरा, पाऊस हुकला म्हणजे टँकरची व छावणीची वाट पाहतो.

जमिनीविषयीच्या राजनीतीचा इतिहास आमच्या या मुलखास नवीन नाही. किंबहुना त्यातील काही महत्त्वाची प्रकरणे येथेच घडली. प्रिंगलसाहेबांचा धारा न झेपल्यामुळे इंदापूर तालुक्यातील पुष्कळ जमीन पडीक राहिली, तेव्हा १८३६ साली गोल्डस्मिड व विंगेट यांनी नवी पाहणी केली व धारा उतरविला. पुढे सर्व इलाख्यास लागू झालेल्या पद्धतीचा पाया तोच. तीस वर्षांनी फेरपाहणीत धारा पुन्हा चढला, तिकडे कापसाचा भाव बसला, आणि १२ मे १८७५ रोजी मोरगावाजवळच्या सुप्याच्या बाजारात कुणब्यांनी सावकारांची खते जाळली. त्यातून १८७९ चा शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा कायदा निघाला. पुढे १९३९ व १९४८ चे कूळकायदे झाले, आणि १ एप्रिल १९५७ रोजी कसणारा कूळ कायद्याने मालक मानला गेला.

या उपायांस आम्ही कमी लेखीत नाही. कुळाचे नाव मालक म्हणून सातबाऱ्यावर चढणे ही लहान गोष्ट नव्हे. कायदा येतो आहे असे कळताच कित्येक कुळांकडून 'राजीखुशीने' जमिनी सोडवून घेण्यात आल्या, हे पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेच्या दांडेकर व खुदानपूर यांनी १९५७ सालीच दाखवून दिले आहे. ती राजीखुशी कशी असते हे आमच्या वयस्क वाचकांस निराळे सांगावयास नको.

आमचा मुद्दा यापुढचा आहे. कमाल जमीनधारणेचा कायदा २६ जानेवारी १९६२ पासून अमलात आला व १९७५ साली अधिक कडक झाला. त्यातील कोष्टक पाहावे. बारमाही पाण्याची, दोन पिके देणारी जमीन कुटुंबास १८ एकर. कोरडवाहू ५४ एकर. म्हणजे पाण्याखालील एक एकर हा जिरायती तीन एकरांच्या बरोबरीचा, असा सरकारनेच हिशेब मांडला आहे. आम्ही विचारतो की, जमीन काढून घेताना जे माप चालते, ते देताना कोठे जाते? भूमिहीनास माळावरचा तुकडा दिला की गरिबी हटविली असे समजण्यात आले; त्या तुकड्यास पाणी कोठून यावयाचे, हा प्रश्न कोणत्याही वाटपाच्या कागदावर नव्हता. उलट, जेथे पाणी होते तेथील जमीन वाटलीच गेली नाही. साखर कारखान्यांनी खंडाने धरलेल्या जमिनी कमाल मर्यादेखाली सरकारजमा झाल्या, त्या १९६३ साली स्थापन झालेल्या राज्य शेती महामंडळाकडे अखंड ठेवण्यात आल्या. इंदापूर तालुक्यातील वालचंदनगरच्या जमिनीही त्यांत होत्या. आपली जमीन परत मिळावी म्हणून खंडकऱ्यांस अर्धे शतक झगडावे लागले. भूमिहीनाची पाळी आलीच नाही.

याहून निराळी वाट दाखविणारा प्रयोग आमच्या उशालाच, पुरंदर तालुक्यात नायगाव येथे झाला. १९७२ च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे या अभियंत्याने देवस्थानची ओसाड जमीन कराराने घेऊन तेथे बांधबंदिस्ती केली, पाणी अडविले आणि त्यातून पाणी पंचायत उभी राहिली. तिचे नियम आम्हांस कोणत्याही कायद्यापेक्षा अधिक विचारपूर्वक केलेले वाटतात. पाणी एकरांवर नव्हे, माणसांवर वाटावयाचे: माणशी अर्ध्या एकरापुरते, आणि कुटुंबास अडीच एकरांहून अधिक नाही. ऊस लावावयाचा नाही. जमीन विकली तरी पाण्याचा हक्क तिजबरोबर जात नाही. भूमिहीनासही पाण्याचा वाटा. आणि खर्चाचा पाचवा हिस्सा सभासदांनी स्वतः भरावयाचा, म्हणजे फुकटेपणाची सवय लागत नाही. या सर्वच योजना टिकल्या असे नाही. कोठे विजेचे बिल थकले, कोठे झराच आटला, कोठे उसाच्या मोहाने सभासद फुटले. परंतु नियम पाळणारे थकले म्हणून नियम खोटा ठरत नाही.

जपानात १९४६ नंतर व तैवानात १९५३ साली कुळांस जमिनी मिळाल्या व त्या लोकांची स्थिती सुधारली, असे दाखले आपल्याकडे वरचेवर दिले जातात. ते देणारे एक सांगावयाचे विसरतात. तेथील कुळास मिळाले ते बहुतांशी भाताचे पाण्याखालील खाचर होते, आणि पाटाचे पाणी वाटणाऱ्या शेतकऱ्यांच्या संस्था तेथे आधीपासून होत्या. आम्ही मात्र पाणी वगळून जमीन वाटली आणि फळ तेवढे त्यांच्यासारखे मागतो.

आता जनाई-शिरसाई व पुरंदर या उपसा योजनांच्या पाण्याकडे आमचा सारा जिरायत पट्टा डोळे लावून बसला आहे. हे पाणी येईल तेथे ते कोणत्या मापाने वाटले जाईल? एकरांच्या मापाने वाटले तर ज्याचे रान मोठे व विहीर खोल, त्याच्याकडे ते जाईल आणि माळावर दुसरा कालवापट्टा उभा राहील. फरक इतकाच की त्याचे पाणी विजेने वर चढविलेले, म्हणून महाग असेल. आमचे वाचक बहुतेक खातेदार आहेत आणि आम्हीही त्यांतलेच. तेव्हा हे लिहिणे आम्हांस सोपे नाही. वीस एकरांच्या धन्याने अडीच एकरांच्या पाण्यावर समाधान मानावे असे म्हणणे, म्हणजे आपल्याच घरातला वाटा कमी करून घेणे होय. 'रान माझे, म्हणून त्याखालचे पाणीही माझे' ही समजूत आमच्या हाडीमाशी खिळलेली आहे. पण ज्याने शेजाऱ्यापेक्षा खोल बोअर घेतली, त्याची बोअरही पुढे कोणाच्या तरी अधिक खोल बोअरने कोरडी पडते, हे आपण सर्वांनी पाहिले आहे.

एक अडचण मात्र खरी आहे. भूमिहीनास पाण्याचा वाटा दिला, तर तो वाटा त्याने कोणाच्या रानात वापरावा? नायगावच्या नियमांत तो दुसऱ्याच्या जमिनीत वाट्याने पीक काढू शके. आज कोणी खातेदार आपले रान लेखी कराराने दुसऱ्यास देण्यास धजत नाही. कारण १९५७ नंतर लागलेल्या कुळासही जमीन विकत मागण्याचा हक्क कूळकायद्यात आहे. म्हणून सर्व व्यवहार तोंडी चालतात. परिणामी धन्यास धास्ती राहते, आणि कसणाऱ्यास ना पीककर्ज मिळते ना विमा. ज्या कायद्याने कुळास मालक केले, त्याच कायद्याने आजच्या भूमिहीनास रानाबाहेर ठेवले आहे. नीती आयोगाने २०१६ साली शेतजमीन भाड्याने देण्याचा नमुना कायदा केला, त्यात मालकी अबाधित ठेवून मुदतीचा लेखी करार करण्याची सोय आहे. निदान उपसा योजनेच्या लाभक्षेत्रात, पाण्याच्या वाट्यापुरती अशी सोय सरकारने करावी. आणि लाभक्षेत्रातील पाणीवापर संस्थांच्या सभांत ही मागणी भूमिहीनांनी नव्हे, जमीनवाल्यांनी प्रथम मांडावी.