दोषारोपपत्राचे गद्य

मराठी गद्याच्या चर्चेत कादंबरी येते, ललित निबंध येतो, क्वचित प्रवासवर्णनही येते. दोषारोपपत्र कधी येत नाही. आमच्या मते ते यायला हवे. एखाद्याची पंचवीस वर्षांची नोकरी, निवृत्तिवेतन आणि गावातली पत ज्या दोन-तीन पानांवर पणाला लागते, त्या पानांच्या भाषेकडे भाषेच्या अभ्यासकांनीच पाठ फिरवावी, हे शोभत नाही.

नमुना परिचयाचा आहे. आपण कर्तव्यात कसूर केली, अशोभनीय वर्तन केले, शासनाची प्रतिमा मलिन केली. कोणत्या तारखेला? कोणत्या कामात? कुणादेखत? वाक्य व्याकरणशुद्ध आहे आणि त्यात एकही घटना नाही. जी घटना सांगितलेलीच नाही, तिचा इन्कार करायचा तरी कसा? महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ यांना निश्चित आणि स्वतंत्र दोषारोप हवे असतात. सोबत वर्तनाचा तपशील, कागदपत्रांची आणि साक्षीदारांची यादीही. त्याही आधी, १९७० साली, पश्चिम बंगालमधील एका कर्मचाऱ्यावरची कारवाई सर्वोच्च न्यायालयात टिकली नाही, कारण आरोप मोघम होते. मोघमपणा हा आमच्या कार्यालयांत शैलीदोष मानला जातो; तो वस्तुतः अन्याय आहे.

शब्दांची ही चलाखी इथेच थांबत नाही. निलंबन ही शिक्षा नव्हे, असे कायदा म्हणतो. मान्य. मग त्या काळात मिळणाऱ्या पैशाला ‘निर्वाह भत्ता’ का म्हणायचे? मुंबई नागरी सेवा नियमांत एके काळी अशी तरतूद होती की, फौजदारी खटल्यात दोषी ठरलेल्या निलंबित कर्मचाऱ्याला, अपील प्रलंबित असले तरी, दरमहा एक रुपया निर्वाह भत्ता द्यावा. एक रुपया! ‘निर्वाह’ या शब्दाची इतकी क्रूर थट्टा कोणत्याही विनोदी लेखकाला सुचली नसती. १९८३ साली सर्वोच्च न्यायालयाने ती तरतूद रद्द ठरवली.

यावर ठरलेला आक्षेप येतोच: लाचखोरांचे इतके लाड कशाला? आक्षेपकांनी थोडे निकाल वाचावेत. लाचखोर सुटतो तो बहुधा चौकशी काटेकोर झाली म्हणून नव्हे, ती ढिसाळ झाली म्हणून. साक्षीदार तपासले नाहीत, मागितलेली कागदपत्रे दिली नाहीत, चौकशी अधिकारीच सरकारी वकिलासारखा वागला. मग न्यायालय आदेश रद्द करते आणि गृहस्थ हसतमुखाने खुर्चीवर परततात. चौकशी अहवालाची प्रत कर्मचाऱ्याला निर्णयापूर्वी द्यावी, एवढी साधी गोष्ट पक्की व्हायला १९९३ चे घटनापीठ लागले. आरोपीला स्वतःविरुद्धचा मजकूर वाचू द्यावा, यात लाड कसले?

संविधानाचा अनुच्छेद ३११ ‘वाजवी संधी’ देतो. पण त्याच अनुच्छेदात चौकशीला फाटा देणारे अपवादही आहेत. चौकशी व्यवहार्य नाही असे म्हणणाऱ्या अधिकाऱ्याला निदान कारण लेखी नोंदवावे लागते. राज्याच्या सुरक्षेच्या अपवादात तीही अट नाही. २०२१ पासून जम्मू-काश्मीरमध्ये या अपवादाखाली डझनावारी कर्मचारी बडतर्फ झाले. त्यांत शिक्षक होते, प्राध्यापकही होते. त्यांच्यापैकी कोण दोषी आणि कोण निर्दोष, हे आम्ही ठरवू शकत नाही. नेमके तेच ठरवण्यासाठी चौकशी असते. न्यायालयात नंतर दाद मागता येते, पण तोवर पगार, पद आणि वर्ग गेलेला असतो. अशा आदेशात तारीखवार दोषारोप नसतो, साक्षीदारांची यादी नसते. संपूर्ण मजकुराचा भार एकाच क्रियापदावर पडलेला असतो: समाधान झाले आहे. ते कशाने झाले, हे विचारायला समोर चौकशी अधिकारीही नसतो.