हिऱ्यांचे छप्पर

गेल्या महिन्यात एका रविवारी बहिणीकडे जेवायला गेलो होतो. आत मटणाचे वाटण चालले होते आणि बाहेरच्या खोलीत भाचा-भाचीची अशी जुंपली होती की शेजारच्या मावशी दारात येऊन उभ्या राहिल्या. थोरली आठवीत आहे, धाकटा पाचवीत. थोरलीचे डोळे भरलेले. मला बघताच म्हणाली, "मामा, तूच सांग ह्याला. ह्यानं माझ्या घराचं वाटोळं केलं."

"वाटोळं कशाचं? छप्पर घालून दिलं. तेही हिऱ्यांचं!" धाकटा म्हणाला.

मला वाटले, शाळेच्या प्रदर्शनासाठी पुठ्ठ्याचे घर असेल. निघाले मोबाईलमधले. माइनक्राफ्ट नावाच्या खेळातले.

आपल्यापैकी बऱ्याच जणांच्या घरात हा खेळ शिरला आहे, पण आईबापांना तो फक्त स्क्रीनवरचे चौकोनी ठोकळे एवढाच माहीत असतो. २००९ साली स्वीडनमधल्या मार्कस पर्सन नावाच्या तरुणाने तो लोकांपुढे आणला. २०११ च्या नोव्हेंबरात तो पूर्ण स्वरूपात निघाला आणि २०१४ साली मायक्रोसॉफ्ट कंपनीने तो बनवणारी मोजांग कंपनी अडीच अब्ज डॉलरना विकत घेतली. २०२३ पर्यंत त्याच्या तीस कोटींहून अधिक प्रती खपल्या होत्या. एवढे पैसे ज्यात आहेत ते काय आहे म्हणून मी भाचीला शेजारी बसवले आणि म्हटले, "मला पहिल्यापासून समजावून सांग. मी कारकून माणूस, कागद पाहिल्याशिवाय निकाल देत नाही."

तिने सांगितले ते असे. खेळात ठोकळ्यांचे एक जग मिळते. डोंगर, नदी, झाडे, खाली खाणी. ते जग कोणत्या पद्धतीने खेळायचे ते आपण ठरवायचे. त्या पद्धतीला मुले 'मोड' म्हणतात. (आपल्याला मोड म्हटले की मटकी आठवते, नाहीतर बसमधले सुटे पैसे!) मुख्य मोड दोन. एक सर्व्हायव्हल, दुसरा क्रिएटिव्ह.

सर्व्हायव्हलमध्ये माणूस रिकाम्या हाताने उतरतो. पहिल्यांदा हाताने ठोकून झाड तोडायचे. त्या लाकडाची कुदळ करायची. लाकडी कुदळीने दगड निघतो, पण लोखंड निघत नाही. त्यासाठी दगडाची कुदळ लागते. लोखंडाची कुदळ झाली की मग हिऱ्याला हात घालता येतो. मधली पायरी गाळता येत नाही. भूक लागते, खावे लागते. खेळातला अख्खा दिवस आपल्या वीस मिनिटांचा, आणि अंधार पडला की भुतेखेते निघतात. मेलात तर हातातले सगळे सामान तिथेच सांडते आणि पाच मिनिटांत उचलले नाही तर नाहीसे होते.

क्रिएटिव्हमध्ये यातले काही नाही. सगळे सामान हवे तेवढे, फुकट. भूक नाही, भुते अंगावर येत नाहीत, उडता येते. डोंगर एका बोटाने सपाट करता येतो.

आणखी मोड आहेत. अ‍ॅडव्हेंचरमध्ये दुसऱ्याने रचलेल्या जगात फिरायचे, पण त्याची तोडफोड करता येत नाही. स्पेक्टेटरमध्ये भिंतींतून आरपार जाऊन सगळे पाहता येते, हात मात्र कशालाच लावता येत नाही. (आमच्या कचेरीत काही साहेब याच मोडमध्ये नोकरी करून निवृत्त झाले.) हार्डकोअर म्हणजे एकच जीव, मेला की खेळ खलास. पण भांडण या तिन्हींचे नव्हते.

या दोघांना संध्याकाळी आईच्या मोबाईलवर प्रत्येकी अर्धा तास मिळतो. जग मात्र दोघांचे सामाईक. दिवाळीच्या सुट्टीपासून भाचीने नदीकाठच्या टेकडीवर सर्व्हायव्हलमध्ये घर बांधायला घेतले. भिंती दगडाच्या. छपरासाठी सागवानासारखे दिसणारे गडद लाकूड तिच्या मनात होते, पण ती झाडे फार लांब, एका फेरीत थोडेच लाकूड यायचे. तीन महिन्यांत तिला खाणीत अकरा हिरे सापडले होते. ते तिने पेटीत ठेवले होते आणि कोणता कधी सापडला ते तिला पाठ होते.

धाकट्याने एका संध्याकाळी आपल्या अर्ध्या तासात सेटिंगमध्ये जाऊन जग क्रिएटिव्ह केले. सात बाय नऊचे छप्पर हिऱ्याच्या ठोकळ्यांनी झाकले आणि जग पुन्हा सर्व्हायव्हल करून ठेवले. घाईत हा पठ्ठ्या हवेत उडत असतानाच मोड बदलला, त्यामुळे धाडकन खाली येऊन मेला, ते वेगळे. (तेवीस ठोकळ्यांवरून पडले की या खेळात माणूस दगावतो, हे ज्ञान मला त्याच दिवशी मिळाले.)

मी बीकॉम. हिशेब केल्याशिवाय राहवत नाही. एक हिऱ्याचा ठोकळा म्हणजे नऊ हिरे. सात नव्वे त्रेसष्ट ठोकळे, म्हणजे ५६७ हिरे. तीन महिन्यांत अकरा या वेगाने भाचीला ते जमवायला जवळजवळ तेरा वर्षे लागली असती. तेव्हा ती पंचविशी ओलांडून गेली असती! मी हे बोलून दाखवले तेव्हा धाकटा खुशीत म्हणाला, "बघ, तेरा वर्षं वाचवली." आणि भाची रडायलाच लागली.

तिचे दुःख मला तेव्हा नीट कळले. पेटीतल्या अकरा हिऱ्यांची किंमत त्या छपराने शून्य झाली होती.

त्यात आणखी एक भर. मोबाईलवरच्या या खेळात ठराविक कामगिरी केली की 'अचीव्हमेंट' नावाची शाबासकी नोंदली जाते. एखादे जग एकदा जरी क्रिएटिव्ह केले तरी त्या जगात पुढे शाबासकी मिळणे बंद होते. पुन्हा सर्व्हायव्हल केले तरी ती नोंद पुसत नाही. बदलण्यापूर्वी खेळ तशी सूचना देतो, पण ती इंग्रजीत. धाकट्याने ती न वाचताच पुढचे बटण दाबले. आपण मोठी माणसेसुद्धा फॉर्मखालचा बारीक मजकूर न वाचता सह्या करतो, त्याला काय बोलणार? संगणकावरच्या जुन्या 'जावा' आवृत्तीत हा नियम नाही. तिथे जग सुरू करतानाच मोड बदलण्याची मुभा ठेवायची की नाही हे विचारले जाते.

आता निकाल. बहिणीचे म्हणणे होते, "दोघांचाही मोबाईल बंद करते, कटकट मिटेल." हा न्याय सोपा, पण त्यात थोरलीचा काय गुन्हा? शेजारच्या मावशींचे म्हणणे, क्रिएटिव्ह म्हणजेच लबाडी, फुकटचे घेणे, तेच बंद करा. हे मला पटले नाही. आपल्या वस्तीतली कोणतीही शिवणकाम करणारी बाई विचारा. नव्या मापाचा ब्लाऊज बेतताना ती आधी वर्तमानपत्राचा कागद कापते, मग कापडाला कात्री लावते. कागद फुकट गेला तर गेला. गवंडीसुद्धा आधी जमिनीवर चुन्याची फक्की मारून घेतो. क्रिएटिव्ह म्हणजे तो वर्तमानपत्राचा कागद. त्यात हवे ते करून पाहावे, चुकावे, मोडावे. खेळात रेडस्टोन नावाच्या लाल भुकटीने दिवे लावता येतात, दारे आपोआप उघडता येतात. जाणती मुले अशी जोडणी आधी क्रिएटिव्हमध्ये करून बघतात आणि मग सर्व्हायव्हलमध्ये मेहनतीने उभी करतात. यात लबाडी कसली?

याच खेळाचा उपयोग कुठवर झाला आहे ते पाहा. २०१२ पासून मोजांग कंपनी आणि संयुक्त राष्ट्रांची यूएन-हॅबिटॅट ही संस्था यांनी 'ब्लॉक बाय ब्लॉक' नावाचे काम चालवले. गोरगरिबांच्या वस्तीतली मोकळी जागा, मैदान, तळ्याचा काठ यांचे सुधारकाम करायचे तर आधी तिथल्या रहिवाशांनीच या खेळात ती जागा कशी हवी ते ठोकळ्यांनी रचून दाखवायचे. नैरोबीतल्या किबेरा वस्तीत, नेपाळातल्या कीर्तिपूरला आणि मुंबईतल्या गौतम नगरातही असे काम झाले. ज्या बाईने आयुष्यात नकाशा हातात धरला नाही, ती दिवा कुठे हवा आणि बाक कुठे हवे ते सांगू शकते. अशा ठिकाणी आधी झाड ठोका, मग कुदळ करा, असे कोणी म्हणत बसत नाही. तिथे हात मोकळा असणेच कामाचे.

तेव्हा क्रिएटिव्ह वाईट नाही. धाकट्याची चूक वेगळी होती. सामाईक वहीत त्याने न विचारता नोंद केली. कचेरीत कच्ची वही वेगळी असते आणि पक्की वही वेगळी. कच्च्या वहीत खाडाखोड केली तर कोणी विचारत नाही. पण पक्क्या वहीत दुसऱ्याच्या नावापुढे हजाराचा आकडा लिहिला, तो भल्यासाठी लिहिला तरी, वही बिघडते. आणि ज्याच्या नावावर लिहिला त्याचीच मान खाली जाते. भाचीच्या वर्गातली मुलगी ते घर बघून म्हणालीच होती, "क्रिएटिव्हमध्ये केलंस ना?"

खेळात यावर साधी सोय आहे आणि ती आईबापांनी मुलांना जरूर दाखवावी. जगांच्या यादीत प्रत्येक जगापुढे पेन्सिलीची खूण असते. तिथे त्या जगाची नक्कल काढता येते. मोड बदलायचा असेल तर आधी नक्कल काढायची, तिला 'कच्चे' असे नाव द्यायचे आणि हवे ते प्रयोग तिच्यात करायचे. मूळ जग जसेच्या तसे राहते. फारच लहान मूल भुतांना घाबरत असेल तर क्रिएटिव्हही करायला नको. सर्व्हायव्हलमध्येच 'पीसफुल' ही सर्वांत सोपी पातळी ठेवावी. त्रास देणारी भुते नाहीशी होतात, भूक वाढत नाही, पण लाकूड-दगड स्वतःच आणावा लागतो. मोबाईलमधली जागा पुरत नसेल तर जुन्या नकला काढून टाकाव्यात. पुसण्याआधी मात्र नाव दोनदा वाचावे!

झाल्या गोष्टीला उपाय नव्हता. आधीची नक्कल काढलेली नव्हती, शाबासकी गेली ती गेली. मी एवढेच सांगितले की यापुढे मोड बदलायचा तर दोघांची संमती हवी, आणि छपराचे काय करायचे ते जिचे घर आहे ती ठरवेल.

धाकट्याने विचारले, "ताई, मी क्रिएटिव्ह करून एका मिनिटात काढून देऊ?"

"नको," ती म्हणाली. "मी कुदळीनं काढते."

जेवणे झाल्यावर तिच्या अर्ध्या तासात ती एकेक ठोकळा फोडत बसली. त्रेसष्टच्या त्रेसष्ट ठोकळे तिने खाणीतल्या लाव्ह्यात टाकले. धाकटा शेजारी बसून बघत होता, दर ठोकळ्याला त्याचा जीव वरखाली होत होता. शेवटच्या ठोकळ्याला तो म्हणाला, "एक तरी ठेव ना." तिने तोही टाकला. पेटीतले अकरा हिरे तिने उघडून मोजले आणि पुन्हा बंद केले.

परवा फोनवर चौकशी केली. तो आता आपल्या वाट्याच्या अर्ध्या तासात लांबच्या रानात जाऊन गडद लाकूड तोडून आणतो. दोनदा भुतांनी मारले, सामान गेले. अर्धे छप्पर झाले आहे. उरलेल्या अर्ध्यातून पाऊस आत येतो, म्हणून दोघांनी मिळून बिछाना आणि पेटी कोपऱ्यात सरकवली आहे.