भीती कुणाची, भिंत कुणाची?

मराठी भुतांनासुद्धा जात आहे. मुंज झालेला मुलगा लग्नाआधी मेला की मुंजा, ब्राह्मण मेला की ब्रह्मसमंध. मराठी भयपट म्हटला की पडद्यावर तोच वाडा आणि तोच पिंपळ. पैसा कोण उभा करतो आणि भिंतीवर काय टांगायचं हे कोण ठरवतो, त्यावर पडद्यावरची भीती ठरते. पहिलं काम निर्मात्याचं, दुसरं प्रॉडक्शन डिझायनरचं. आमच्या पोरांना हिरो व्हायचं असतं, दिग्दर्शक व्हायचं असतं. या दोन खुर्च्यांकडे मात्र कुणी बघत नाही. सेटवर रंग मारायला आमचे हात चालतात, मग आराखडा काढायला आमचं डोकं का नको?

भांडवल नाही म्हणणाऱ्यांनी अमेरिकेतला 1968 चा 'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड' बघावा. दहा जणांनी प्रत्येकी 600 डॉलर काढून सुरुवात केली. पाडायला निघालेलं शेतघर हाच सेट. चित्रपट कृष्णधवल, म्हणून रक्ताच्या जागी चॉकलेट सिरप. नायक ड्युएन जोन्स, काळा माणूस. रात्रभर प्रेतांशी झुंजून तो वाचतो आणि सकाळी बंदूकवाल्या गोऱ्यांच्या गोळीने मरतो. खरी दहशत कुणाची, ते कळलं ना? पण नाव बदलताना वितरकाकडून कॉपीराइटची ओळ गळली आणि तेव्हाच्या कायद्याप्रमाणे मालकी हक्कच गेला. म्हणून कागद वाचणारा निर्माता आपला हवा. जॉर्डन पील 2017 च्या 'गेट आऊट'चा नुसता लेखक-दिग्दर्शक नव्हता, निर्माताही होता.

काही कार्यकर्ते म्हणतील, भयपट म्हणजे अंधश्रद्धा. बाबासाहेबांच्या 22 प्रतिज्ञा आम्हालाही पाठ आहेत. भूत खरं आहे असं सांगणारा सिनेमा आम्हाला नकोच. पण 29 सप्टेंबर 2006 ला खैरलांजीत कोणतं भूत आलं होतं? माणसंच आली होती. ही भीती तमाशा न करता दाखवायची, तर ते घर, तो उंबरा, भिंतीवरची ती तसबीर माहीत असलेला माणूस हवा.

मित्रहो, पुण्याच्या एफटीआयआयमध्ये कलादिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा अभ्यासक्रम आहे, राखीव जागा आहेत. अर्ज करा. करार वाचायला शिका, हिशेब ठेवायला शिका, दहा जण मिळून पैसा काढा. आमची भीती दुसऱ्यांनी रंगवायची आणि आम्ही तिकीट काढून बघायची, हे आता बंद!

जय भीम!